आयपीटेबल्सचा ‘व्हर्जन मिसमॅच’ आणि कंसातला तो एक शब्द

नमस्कार. आधी तुमचा प्रश्न माझ्या शब्दांत मांडते, म्हणजे मला समजलंय ते बरोबर आहे का हे तुम्हालाही कळेल. ऑफिसचा एक सर्व्हर, उबुंटू २०.०४ होता, मे २०२५ मध्ये त्याचा नेहमीचा सपोर्ट संपला म्हणून तुम्ही तो २२.०४ वर नेला. एन्जिनएक्स (साइट दाखवणारा वेब सर्व्हर) थेट होस्टवर, म्हणजे मूळ मशीनवर चालतो, फेलटूबॅन (वारंवार चुकीचे लॉगिन करणारे आयपी काही काळ अडवणारा, म्हणजे ‘बॅन’ करणारा प्रोग्रॅम) मात्र एका जुन्या डॉकर कंटेनरमध्ये (स्वतःच्या फाइल्ससकट चालणाऱ्या वेगळ्या कप्प्यात) आहे, होस्ट नेटवर्कवर. अपग्रेडनंतर तीन दिवस सगळं नीट चाललं आणि मग ऑफिसमधून साइट उघडेना. मोबाइल डेटावरून उघडते, ऑफिसमधून एसएसएच (दुरून लॉगिन) पण चालतं, फक्त ४४३ (एचटीटीपीएसचं पोर्ट) नाही. कर्ल या कमांडने साइट मागवली तर लगेच ‘कनेक्शन रिफ्यूज्ड’. यूएफडब्ल्यू (उबुंटूचं सोपं फायरवॉल) बंद करून बघितलं, आयपीटेबल्स (लिनक्सच्या फायरवॉलचे रूल लिहिणारी कमांड) फ्लश करून, म्हणजे रूल पुसून बघितलं, फरक शून्य. मग तुम्हाला दिसलं की होस्टवर आयपीटेबल्स १.८.७ आहे आणि कंटेनरमध्ये १.८.४, आणि आता विचारताय की हा व्हर्जन मिसमॅच घालवायला आयपीटेबल्स रीइन्स्टॉल करू का.

नका करू. रूल्स पॅकेजमध्ये नसतात, ते चालू कर्नलच्या (लिनक्सच्या गाभ्याच्या) मेमरीत असतात. पॅकेज काढून परत टाकलंत तर तीच बायनरी (प्रोग्रॅमची फाइल) परत येईल आणि अडवणारा रूल जिथे आहे तिथेच राहील.

(कमांड सगळ्या देवनागरीत लिहितेय, टाइप करताना अर्थातच इंग्रजी अक्षरांत करा.)

तुम्ही आयपीटेबल्स -व्ही (मोठ्या लिपीतला व्ही) चं आउटपुट दिलंय त्यात नंबरच्या पुढे कंसात एक शब्द आहे. होस्टवर ‘एनएफ_टेबल्स’ आणि कंटेनरमध्ये ‘लेगसी’. तुमची सगळी भानगड त्या शब्दात आहे, १.८.७ आणि १.८.४ मधल्या फरकात नाही. मी गेली सोळा वर्षं सर्व्हर सांभाळतेय आणि २०१९ पासून ‘फायरवॉल व्हर्जन मॅच होत नाही’ म्हणून माझ्याकडे आलेल्या बहुतेक केसेसमध्ये नंबर निरुपद्रवी होता, कंसातला शब्द वेगळा होता.

असं का, ते थोडं सांगते, कारण हे समजल्याशिवाय पुढचे उपाय नुसते मंत्र वाटतील. जुनं आयपीटेबल्स लिनक्स कर्नल २.४ पासूनचं, म्हणजे २००१ सालापासूनचं. त्याच्या जागी यायला म्हणून एनएफटेबल्स नावाची नवी यंत्रणा जानेवारी २०१४ मध्ये ३.१३ कर्नलमध्ये आली. पण लोकांच्या हजारो स्क्रिप्ट आयपीटेबल्सच्या भाषेत लिहिलेल्या, त्या कोण बदलणार. म्हणून जुलै २०१८ मध्ये आयपीटेबल्स १.८.० आलं तेव्हा त्यांनी एकाच नावाखाली दोन बायनरी दिल्या, एक जी पूर्वीसारखी जुन्या यंत्रणेत रूल लिहिते, ती लेगसी, आणि दुसरी जी तुमची जुनीच कमांड समजून घेते पण रूल नव्या यंत्रणेत लिहिते, ती एनएफटी. आयपीटेबल्स टाइप केल्यावर यातली कुठली चालणार हे डिस्ट्रो (उबुंटू, डेबियन अशा लिनक्सच्या तयार आवृत्त्या) ठरवते. डेबियन १० ने २०१९ मध्ये एनएफटी डीफॉल्ट केलं, रेड हॅट ८ ने तर लेगसी बायनरी द्यायचीच बंद केली. उबुंटू २०.०४ मात्र लेगसीवरच राहिलं, २२.०४ एनएफटीवर आहे. म्हणजे तुमच्या अपग्रेडमध्ये होस्टची बाजू गुपचूप बदलली आणि कंटेनर जुन्या इमेजमधला (ज्या तयार साच्यातून कंटेनर बनतो तो) असल्यामुळे तिथेच राहिला. पूर्वी दोघं एकाच वहीत लिहीत होते म्हणून फेलटूबॅनचे बॅन तुम्हाला होस्टवर दिसायचे. आता वह्या दोन झाल्या.

आणि महत्त्वाचं म्हणजे कर्नल दोन्ही वह्या वाचतो. एकीत अलाउ लिहिलंय म्हणून दुसरी बघायची नाही असं होत नाही. पॅकेट आत यायला दोन्हीकडून पास व्हावं लागतं आणि अडवायला मात्र कुठल्याही एकीतला ड्रॉप (पॅकेट गुपचूप टाकून देणं) किंवा रिजेक्ट (नकार कळवणं) पुरतो. सोसायटीच्या गेटवर दोन वॉचमन आणि दोघांची रजिस्टरं वेगळी, तसं. तुम्ही यूएफडब्ल्यू बंद केलंत, फ्लश केलंत, ते सगळं एका रजिस्टरमध्ये, दुसऱ्याला हातच लागला नाही. म्हणून फरक शून्य.

आता ‘कनेक्शन रिफ्यूज्ड’ बद्दल, कारण इथे खूप जण फसतात. रिफ्यूज्ड दिसलं की आपण सर्व्हिस बंद आहे समजतो, टाइमआउट झालं की फायरवॉल समजतो. ढोबळमानाने ठीक आहे, पण फेलटूबॅनचा डीफॉल्ट ड्रॉप नसून रिजेक्ट असतो आणि त्यात तो ‘आयसीएमपी पोर्ट अनरीचेबल’ हा नेटवर्कचा नकाराचा निरोप परत पाठवतो. समोरचं लिनक्स मशीन ते मिळालं की कनेक्शन रिफ्यूज्ड असंच दाखवतं. म्हणजे एन्जिनएक्स व्यवस्थित चालू असतानाही तुम्हाला तो बंद असल्यासारखा मेसेज दिसतो. हे पाच मिनिटांत डोळ्यांनी बघता येतं. सर्व्हरवर टीसीपीडंप (येणारी-जाणारी पॅकेट दाखवणारी कमांड) लावा, फिल्टर ‘पोर्ट ४४३ ऑर आयसीएमपी’, आणि ऑफिसमधून एकदा कर्ल करा. टीसीपीडंपला आत येणारं पॅकेट फायरवॉलच्या आधी दिसतं, त्यामुळे तुमच्या ऑफिसच्या आयपीवरून सिन (कनेक्शन मागणारं पहिलं पॅकेट) आलेलं दिसेल, आणि लगेच खाली सर्व्हरकडून टीसीपीचं रिसेट (कनेक्शन तोडणारं पॅकेट) न जाता आयसीएमपीची ओळ जाताना दिसेल, त्यात ‘टीसीपी पोर्ट ४४३ अनरीचेबल’ असं लिहिलेलं. सर्व्हिस खरंच बंद असती तर तिथे रिसेट दिसला असता. ही आयसीएमपीची ओळ दिसली की समजायचं, कुणीतरी रूल लावून नाही म्हणतंय.

तो कुणीतरी कोण हेही तुमच्याच आउटपुटमध्ये आहे. तुम्ही आयपीटेबल्स -एल चं जे पेस्ट केलंय त्याच्या अगदी शेवटी हॅशने सुरू होणारी एक वॉर्निंग आहे, लेगसी टेबल्स पण आहेत, ती बघायला आयपीटेबल्स-लेगसी वापरा अशा अर्थाची. ती ओळ कमेंटसारखी दिसते म्हणून नजरेतून सुटते. तुम्ही लिहिलंय ‘एफटूबी नावाची चेनच नाही म्हणजे फेलटूबॅनने ब्लॉक केलेलं नाही’. चेन (रूल्सची यादी; एफटूबी म्हणजे फेलटूबॅन) आहे. तुम्ही बघितलेल्या वहीत नाही एवढंच.

आता प्रत्यक्ष काय करायचं. क्रम बदलू नका, विशेषतः सर्व्हर दूर असेल तर.

सगळ्यात आधी परतीचा रस्ता. दोन एसएसएच सेशन उघडे ठेवा आणि प्रोव्हायडरच्या पॅनेलमधलं कन्सोल खरंच चालतंय का ते लॉगिन करून बघा, नुसतं बटण आहे म्हणून विश्वास ठेवू नका. मी एकदा हे केलं नव्हतं. क्लायंटचा सर्व्हर महापेच्या एका डेटा सेंटरमध्ये, मी पुण्यात, रात्री साडेअकरा वाजलेले. इनपुट चेनची पॉलिसी (कुठलाच रूल लागू नसेल तेव्हाचा निर्णय) ड्रॉप होती आणि मी पॉलिसी न बघता फ्लश केलं. फ्लशने रूल्स जातात, पॉलिसी जात नाही, त्यामुळे अलाउचे सगळे रूल उडाले आणि ड्रॉप तेवढा उरला, माझ्या स्वतःच्या एसएसएचसकट सगळं बंद. पहाटे तिथे पोचून कीबोर्ड जोडून ते सोडवलं, आणि तेवढा वेळ त्या लोकांचं डिस्पॅचचं काम थांबून राहिलं होतं. तेव्हापासून आधी पॉलिसी ॲक्सेप्ट, मग फ्लश, हा क्रम मी कधी मोडलेला नाही.

मग दोन्ही वह्यांची कॉपी घ्या. आयपीटेबल्स-लेगसी-सेव्ह एका फाइलमध्ये, आयपीटेबल्स-एनएफटी-सेव्ह दुसऱ्या फाइलमध्ये, आणि एनएफटी लिस्ट रूलसेट तिसऱ्या फाइलमध्ये. आयपीव्ही६ चं पण तसंच, तिथे कमांड आयपी६टेबल्स या नावाने आहेत.

इथे एक बारकावा आहे जो मला स्वतःला कळायला बराच वेळ लागला. लेगसीत काही आहे का बघायला लोक थेट आयपीटेबल्स-लेगसी -एल मारतात. पण ती कमांड बघता बघता जुनं मॉड्यूल कर्नलमध्ये लोड करते आणि एक रिकामं फिल्टर टेबल उभं करते. म्हणजे आधी काहीच नसलेल्या सर्व्हरवर तुम्ही नुसतं डोकावलात आणि त्या डोकावण्यामुळेच वॉर्निंग यायला लागली! मग माणूस दिवसभर नसलेला मिसमॅच शोधत बसतो. म्हणून आधी प्रॉक / नेट / आयपी_टेबल्स_नेम्स ही फाइल कॅट करा, म्हणजे त्या कमांडने वाचून बघा. फाइल नसेल किंवा रिकामी असेल तर लेगसीत काही नाही, विषय संपला. त्यात फिल्टर, नॅट अशी नावं आली तर लेगसी टेबलं खरंच लोड आहेत, आत काय आहे ते सेव्ह कमांडने बघा, ती नवीन काही उभं करत नाही. तुमच्याकडे वॉर्निंग आधीपासून आहे आणि लक्षणंही आहेत, त्यामुळे तिथे फिल्टर हे नाव येणारच असं मी धरून चालतेय.

आता आयपीटेबल्स-लेगसी -एल -एन -व्ही (यात एल मोठ्या लिपीत, एन आणि व्ही लहान) बिनधास्त मारा. एफटूबी ने सुरू होणाऱ्या चेनमध्ये तुमच्या ऑफिसचा पब्लिक आयपी रिजेक्टसमोर दिसेल आणि त्या ओळीच्या अगदी डावीकडे पॅकेट्सचा आकडा असेल. तो आकडा लक्षात ठेवा, ऑफिसमधून एकदा कर्ल करा, परत बघा. आकडा वाढला तर हाच तो रूल, यापुढे अंदाज नको. मी कुठलाही फायरवॉलचा वाद याच आकड्यावर संपवते, कारण रूल वाचून माणसं वेगवेगळे अर्थ काढू शकतात, पण वाढलेल्या आकड्याचा अर्थ एकच निघतो.

तातडीचा उपाय साधा आहे. कंटेनरच्या आत फेलटूबॅन-क्लायंट अनबॅन आणि पुढे ऑफिसचा आयपी. लगेच साइट उघडेल. नुसता कंटेनर रीस्टार्ट करून भागणार नाही, कारण फेलटूबॅन बॅनची यादी स्वतःच्या डेटाबेसमध्ये ठेवतो आणि सुरू झाला की मुदत न संपलेले बॅन परत लावतो, आणि तुमच्या कॉन्फिगमध्ये बॅनटाइम एक आठवड्याचा आहे. अनबॅन झाल्यावर ऑफिसचा आयपी इग्नोरआयपी (कधीच बॅन न करायच्या आयपींची यादी) मध्ये टाका, अर्थात तो स्टॅटिक असेल तर. ब्रॉडबँड असेल आणि आयपी बदलत असेल तर याचा उपयोग नाही, मग बॅनटाइम कमी करणं बरं. आणि बॅन का झाला तेही लॉगमध्ये बघा. अख्खं ऑफिस एकाच आयपीमागे असतं, एका माणसाच्या ब्राउझरमध्ये जुना पासवर्ड सेव्ह असला आणि त्याने पाच-सहा वेळा रिफ्रेश केलं की चाळीस जणांची साइट बंद होते.

आता कायमचा उपाय, आणि इथे परिस्थितीवर अवलंबून आहे हे आधीच सांगते. नियम एकच, एका होस्टवर सगळ्यांनी एकाच बॅकएंडला, म्हणजे एकाच वहीत लिहायचं. कुठला बॅकएंड, ते तुमच्याकडे काय काय चालतंय त्यावर.

मी तुमच्या जागी असते तर होस्ट एनएफटीवरच ठेवला असता आणि फेलटूबॅन कंटेनरमधून काढून एपीटीने (उबुंटूची पॅकेज टाकणारी कमांड) होस्टवर टाकला असता. जेल.लोकल ही फेलटूबॅनच्या सेटिंगची फाइल उचलून आणायची, लॉगचे पाथ तपासायचे, झालं. माझं याबद्दल मत पक्कं आहे: होस्टच्या फायरवॉलला हात लावणारी गोष्ट कंटेनरमध्ये ठेवू नये. कंटेनरचा फायदाच हा की तो स्वतःची बायनरी स्वतःबरोबर आणतो आणि होस्ट बदलला तरी बदलत नाही, आणि फायरवॉलच्या बाबतीत नेमका तोच तोटा आहे. होस्टवर असला की तो होस्टचीच आयपीटेबल्स वापरणार, पुढच्या अपग्रेडमध्ये दोघं बरोबरच बदलणार.

काही कारणाने कंटेनरच ठेवायचा असेल तर इमेज नवीन घ्या. अशा बऱ्याच इमेज अल्पाइन या छोट्या लिनक्सवर बांधलेल्या असतात आणि अल्पाइनने डिसेंबर २०२३ मध्ये आलेल्या ३.१९ पासून एनएफटी डीफॉल्ट केलंय. पण टॅग नवा दिसला म्हणून गृहीत धरू नका, डॉकर एक्झेकने आत जाऊन आयपीटेबल्स -व्ही मारा आणि परत तो कंसातला शब्द वाचा.

आणि हो, नंबर कधीच महत्त्वाचा नसतो असंही नाही. दोन्हीकडे एनएफटी असलं तरी नव्या व्हर्जनने लिहिलेला रूल जुन्या व्हर्जनला पूर्ण वाचता येईलच असं नाही. कंटेनरांचा ताफा सांभाळणाऱ्या कुबरनेटीसवाल्यांना १.८.८ च्या वेळी हे भोगावं लागलं: होस्टवर १.८.८, कंटेनरमध्ये १.८.७. नव्याने लिहिलेला ‘अमुक मार्क (पॅकेटवरची खूण) असेल तरच ड्रॉप’ हा रूल जुन्याने वाचला, त्याला मार्कची अट समजली नाही, आणि परत लिहिताना नुसता ‘ड्रॉप’ लिहिला. म्हणजे सगळंच ड्रॉप. तुमच्याकडे नवी इमेज घेतली तर परिस्थिती उलटी असेल, कंटेनरमध्ये नवीन, होस्टवर १.८.७, त्यामुळे होस्टवरून बघायला हरकत नाही पण होस्टवर सेव्ह करून तीच फाइल रीस्टोर करू नका, आणि नेटफिल्टर-पर्सिस्टंट (रूल सेव्ह करून बूटच्या वेळी परत लावणारी सर्व्हिस) वापरत असाल तर हे जास्तच लक्षात ठेवा. होस्टवर फेलटूबॅन टाकला की हा सगळा प्रश्नच उरत नाही, हे अजून एक कारण.

उलटा मार्ग पण आहे, होस्ट लेगसीवर नेणं. अपडेट-अल्टरनेटिव्ह्ज ने आयपीटेबल्स आणि आयपी६टेबल्स दोन्ही लेगसीवर सेट करायचे (दुसरं हमखास विसरतं) आणि रीबूट करायचं. नुसती बायनरी बदलून थांबू नका, कारण डॉकर आणि यूएफडब्ल्यूने आधी लिहिलेले रूल एनएफटीच्या वहीत तसेच राहतात आणि परत दोन वह्या होतात, फक्त बाजू बदलून. एखाद्या व्हेंडरचा बंद एजंट असेल जो फक्त लेगसीच बोलतो, तर नाइलाजाने मी हे केलंय. तात्पुरतं म्हणून ठीक. रेड हॅट ८ च्या घराण्यातला सर्व्हर असता तर हा पर्याय समोर आलाच नसता.

तुम्हाला कुणीतरी ‘एनएफटेबल्स सर्व्हिस चालू करा, सगळं नीट होईल’ असंही सांगितलंय असं तुम्ही लिहिलंय. कृपा करून ते करू नका. डेबियन-उबुंटूमध्ये ईटीसीमधल्या एनएफटेबल्स.कॉन्फ या फाइलची पहिलीच कामाची ओळ ‘फ्लश रूलसेट’ आहे. ती चालली की एनएफटीतलं सगळं पुसलं जातं, आणि आता तुमचं यूएफडब्ल्यू आणि डॉकरचं नॅट (कंटेनरना बाहेरच्या नेटवर्कशी जोडणारे रूल) दोन्ही तिथेच राहतात. कंटेनर चालू दिसतील, डॉकर पीएस मध्ये सगळं हिरवंगार, पण कंटेनरच्या आतून बाहेरचं इंटरनेट लागणार नाही, डॉकर रीस्टार्ट करेपर्यंत. आणि तुमचा खरा त्रास देणारा बॅन लेगसीत, तो तसाच. एका कारखान्याच्या सर्व्हरवर हे अपडेटनंतर आपोआप घडायचं, आणि दर वेळी डॉकरवर संशय जायचा.

आता जुनी वही रिकामी करणं. फेलटूबॅनचा जुना कंटेनर थांबवून काढून टाकल्यावर, आधी दहा मिनिटांनी लेगसीची सेव्ह फाइल परत लोड करणारा एक जॉब ॲट कमांडने लावून ठेवा (ॲट नसेल तर आधी इन्स्टॉल करावं लागेल), म्हणजे काही बिघडलं तर सर्व्हर आपोआप आत्ताच्या स्थितीत येईल. मग लेगसीच्या फिल्टर टेबलात इनपुट, फॉरवर्ड, आउटपुट तिन्हींची पॉलिसी ॲक्सेप्ट. मग -एफ (रूल पुसतो), मग -एक्स (रिकाम्या चेन काढतो), दोन्ही मोठ्या लिपीत. नेम्सच्या फाइलमध्ये नॅट, मँगल किंवा रॉ आलं असेल तर प्रत्येकासाठी -टी (लहान लिपीत) देऊन तेच. आयपी६ साठी परत एकदा. तुमच्या एन्जिनएक्सचं संरक्षण यूएफडब्ल्यू एनएफटीत करतंय, ते याने उघडं पडत नाही, पण ते चालू आहे याची खात्री आधी करा, कारण तपासताना तुम्ही ते डिसेबल केलं होतंत आणि परत इनेबल केल्याचं कुठे लिहिलेलं दिसलं नाही. सगळं ठीक चाललं तर तो ॲटचा जॉब एटीआरएम ने काढायला विसरू नका, नाहीतर दहा मिनिटांनी जुने बॅन परत हजर.

रिकामं केल्यावरही वॉर्निंग येत राहील, घाबरू नका. ती रूल्स बघत नाही, टेबलं नोंदलेली आहेत का तेवढंच बघते. आयपीटेबल_फिल्टर वगैरे मॉड्यूल मॉडप्रोब -आर ने काढता येतात, मी मात्र सरळ रात्री एकदा रीबूट करते, कारण रीबूटने अजून एक गोष्ट कळते: बूटच्या वेळी कुठली जुनी स्क्रिप्ट, क्रॉनची (ठरल्या वेळी आपोआप चालणाऱ्या कामांच्या यादीतली) एखादी ओळ किंवा दुसरा कुठला कंटेनर लेगसीत लिहीत नाहीये ना. रीबूट झाल्यावर दुसरं काहीही न मारता पहिली कमांड ती नेम्सची फाइल कॅट करायची. रिकामी आली तर तुमचं काम झालं. पुन्हा नावं दिसली तर लेगसी-सेव्हचं आउटपुट इथे टाका, पब्लिक आयपी झाकून, चेनच्या नावावरून ती कुणी लिहिली ते बहुतेक लगेच ओळखता येतं.